लखीरामच्या माघारी घातलेली घुगरी

धनीबाईचं लग्न झालं तेव्हा तिच्या सासूनं, रामीबाईनं, स्वतःच्या हातानं तिच्या केसांत आपल्या घरची घुगरी गुंफली होती. घुगरी म्हणजे चांदीचे जड झुबके. बंजारा बाईच्या दोन्ही कानशिलांवरून ते गालापर्यंत लोंबतात आणि चालताना खुळखुळतात. नवरा जिवंत आहे तोवरच ते घालायचे. दंडावरचा चुडाही तसाच. जऊळक्याच्या रानाकडेच्या त्या तांड्यावर एखादी बाई सवाशीण की रांडव, हे विचारायची गरज कोणाला पडत नसे. कानशील बघितलं की कळायचं.

धनीबाई दिसायला काही देखणी नव्हती. उंच, काळीसावळी, जबडा रुंद, आणि मनात आलेलं ओठांवर यायला वेळ लागायचा नाही. तांड्यातल्या बाया म्हणत, "रेल्वेले फाटक हाय, हिच्या तोंडाले नाही." लखीराम उलट अबोल माणूस. दोघं रानातलं गवत आणि मोळ्या जऊळक्याच्या स्टेशनाजवळ विकत. जमनी नावाची मुलगी झाली. ती चालायला लागली त्या साली सरकारी रान तोडीला बंद झालं, आणि तांड्यातलाच दौलतसिंग मुकादम जोडपी गोळा करून मुंबईला बांधकामावर न्यायला लागला. जमनीला रामीबाईच्या ओटीत टाकून धनीबाई आणि लखीराम गाडीत बसले. चोपन्न-पंचावन्न सालची ही गोष्ट.

चर्चगेटच्या बाजूला मोठमोठ्या इमारती उठत होत्या. लखीराम परांचीवर चढून गवंड्यांच्या हाताखाली काम करायचा, धनीबाई घमेली वाहायची. कामाच्या आडोशालाच पत्र्याची खोपटी होती. सुटीच्या दिवशी दोघं चालत शहर बघायला निघत. धनीबाईला नवल वाटलं ते गर्दीचं नाही. नवल वाटलं ते भिंतींचं. जिकडे बघावं तिकडे माणसं रंगवलेली. पानवाल्याच्या ठेल्यावर देव, साबणाच्या पाटीवर हसणारी बाई, चौकात काळ्या दगडाचा घोडेस्वार. सिनेमाच्या थेटरावर तर घराएवढी तोंडं. एकदा दोराला लटकलेला एक माणूस असल्या तोंडाचा डोळा रंगवत होता. लखीराम मान वर करून कितीतरी वेळ बघत राहिला.

"तिचा एक डोया आपल्या खोपीएवढा हाय," तो म्हणाला. त्या दिवसभरात तो एवढंच बोलला असेल.

कामाच्या जागी चित्रकलेच्या शाळेतली पोरं यायची. वाळूच्या ढिगावर बसून कागदावर भराभरा रेघा ओढायची. बाया तोंडावर ओढणी घेऊन पळत. धनीबाई एका पोराच्या डोक्यावर जाऊन उभी राहिली.

"काय करून राह्यला रे?"

"तुला काढतोय."

तिनं वाकून बघितलं. घमेलं होतं, कमरेचा बाक होता, फेटियाचा, म्हणजे तिच्या घागऱ्याचा, घेर होता. "अन् माहे पाय काहून नाही काढले? मी काय भूत हावो?"

पोरं खो खो हसली. त्यांच्याबरोबर आलेले मास्तर मात्र हसले नाहीत. पन्नाशीचे, बारीक, बोटांना रंग लागलेले. त्यांनी लखीरामला गाठून विचारलं. आपल्या खोलीवर रविवारी ही बाई बसेल का? नुसतं बसायचं. तूही ये, दारात बस. मजुरी देईन. लखीरामनं बायकोकडे बघितलं. बायको म्हणाली, "नुसतं बसाचे पैसे भेटत असन तं मी मरेपर्यंत बसतो."

पण बसणं सोपं नव्हतं. तांड्यावरून आणलेला आरशांचा पोशाख, कांचळी, चुडा, घुगरी सगळं घालून ती एका वेताच्या मोड्यावर बसायची, आणि मास्तर "हलू नको" म्हणायचे. मुंग्या यायच्या, मानेला कळ लागायची. घमेलं परवडलं. समोर दारात लखीराम बसून पेंगायचा. त्याच्याकडे बघत राहिलं की मान बरोबर हवी तशी राहते, हे मास्तरांनीच तिला सांगितलं होतं. म्हणून ती दर रविवारी त्याच्याकडे बघत बसायची. घरात इतका वेळ नवऱ्याकडे बघायला कधी मिळालं नव्हतं. त्याच्या भुवईत जुनी खोक आहे, झोपेत त्याचा खालचा ओठ लोंबतो, हे तिला तिथं कळलं.

कापडावर आधी चेहरा उमटला. एक बाजू पुरी झाली. दुसरं कानशील आणि दंड राहिले होते.

एका सकाळी परांचीचा दोर सुटला आणि लखीराम खाली आला. धनीबाई घमेलं घेऊन वळली तेव्हा माणसं धावताना दिसली. कोण पडलं ते तिला गर्दीत शिरल्यावर कळलं. तो बोलला नाही. डोळे उघडे होते, पण बघत नव्हते.

दौलतसिंगानं सगळं रीतीनं केलं, हे त्याच्या बाजूनं सांगायलाच हवं. लाकडं त्यानं आणली, खांदा त्यानं दिला. परत आल्यावर बायांनी धनीबाईला खोपीत बसवलं, चुडा फोडला, केसांतून घुगरी सोडली आणि फडक्यात बांधून तिच्या हातात दिली. केस सुटले तेव्हा तिला डोकं इतकं हलकं लागलं की उठताना तोल गेला.

ती पुन्हा घमेली वाहायला लागली. दुसरं काय करणार? परतीची टोळी निघेपर्यंत तिथंच दिवस काढायचे होते. मास्तर एकदा आले.  मग खाली बघत म्हणाले, "चित्र अर्धं राहिलंय. तो चुडा, ती घुगरी घालून दोन-तीनदा बसलीस तर पुरं होईल. चुडा दुसरा मिळेल बाजारात."

"मास्तर, तुमी काय मांगून राह्यले ते तुमाले समजते का?"

"समजतं," मास्तर म्हणाले. "नको असेल तर नको. मी पुन्हा विचारणार नाही."

आणि खरंच त्यांनी विचारलं नाही. दुसरं कानशील कोरंच ठेवून चित्र संपवायचं त्यांनी ठरवलंही असेल. धनीबाईनं ते फडकं उशाखाली ठेवलं होतं. काम करताना तिचा हात उगाच गालाकडे जायचा, आणि तिथं काही लागायचं नाही. एका रविवारी कोणी बोलावलेलं नसताना ती उठली, फडकं कमरेला खोचलं आणि मास्तरांच्या खोलीवर गेली.

घुगरी तिनं स्वतः बांधली. आरसा लागला नाही. मोड्यावर बसली, मान वळवली आणि सवयीनं दाराकडे बघितलं. दार रिकामं होतं. तरी डोक्यावर ते वजन आलं होतं, हलताना तोच आवाज येत होता, आणि त्या आवाजाबरोबर दारातली पेंगणारी मान तिला दिसत होती. मास्तर मुकाट्यानं रंगवत होते. त्या दिवशी "हलू नको" म्हणायची वेळच आली नाही. ती रडली का? नाही. लखीराम गेल्यापासून पहिल्यांदा तिला पोटभर श्वास घेता आला होता.

पुढच्या रविवारी मास्तरांनी बाजारातून आणलेला चुडाही घालून ती पुन्हा बसली होती. दारात सावली पडली. पापणी लवते न लवते तोवर तिला वाटलं, आला. तोंडही उघडलं तिनं नाव घ्यायला.

दौलतसिंग होता. टोळी उद्या निघते, हे सांगायला तो पत्ता विचारत आला होता. त्यानं तिच्या कानशिलाकडे बघितलं, दंडावरच्या नव्या चुड्याकडे बघितलं. मास्तर काहीतरी सांगायला पुढे झाले. त्यानं त्यांच्याकडे ढुंकूनही बघितलं नाही.

"उतरव," एवढं म्हणाला आणि जिना उतरून गेला.

अकोल्याला गाडी बदलेपर्यंत तो तिच्याकडे पाठ करून बसला. ते चित्र पुढे कुठल्याशा हॉलमध्ये लागलं, लोकांनी त्याची वाहवा केली, एका श्रीमंत घराच्या दिवाणखान्यात ते गेलं. यातलं काहीच धनीबाईला कधी कळलं नाही, आणि तिनं कधी विचारलंही नाही.

तांड्यावर पंचायत बसली ती नायक धरमसिंगाच्या घरापुढे. धरमसिंग म्हातारा, जरबेचा, पण वाईट माणूस नव्हता. लखीरामला त्यानं अंगाखांद्यावर खेळवलं होतं. आदल्या सांजेला त्यानं रामीबाईला बोलावून घेतलं होतं आणि वाट दाखवली होती. रामीबाईनं ती वाट सुनेच्या कानात घातली. "सांग का त्या मास्तरनं जबरदस्ती केली. दम देल्ला म्हनाव. परक्या गावात बाई एकटी, काय करन? दंड घेतीन, तांड्याले जेवन घालू, अन् मिटन. जमनीकडे पाह्य."

जमनी आजीच्या फेटियाला धरून उभी होती. वर्षभरात आईला विसरली होती. धनीबाईनं हात पुढे केला की मागे सरकायची.

पंच बसले. दौलतसिंगानं जे बघितलं तेवढंच सांगितलं, तिखटमीठ लावलं नाही.

धरमसिंग म्हणाला, "पोरी, नवऱ्याची राख थंडी नव्हती झाली. तुह्या अंगावर सवाशिनीचा साज कोनं चढवला?"

"म्या चढवला."

"त्या मास्तरनं दम देल्ला व्हता का?" नायकानं प्रश्न सावकाश विचारला, जणू उत्तर तिच्या हातात ठेवत होता. "भिऊ नको. काय झालं ते सांग."

रामीबाईनं मागून तिला कोपरानं ढोसलं. धनीबाई गप्प राहिली. आयुष्यात पहिल्यांदाच तिच्या तोंडाला फाटक लागलं होतं. ते तेव्हा लागून राहिलं असतं तर बरं झालं असतं, असं पुढे कितीतरी जण म्हणाले.

"नाही," ती म्हणाली. "दम नाही देल्ला. तो तं नको असन तं नको म्हने. मीच गेली. मले घालाची व्हती घुगरी. घातली का तो मले दारात बसेल दिसे."

बाया एकमेकींकडे बघायला लागल्या. एका पंचानं मान खाली घातली. पण बोललेला शब्द सगळ्या तांड्यानं ऐकला होता. चूक झाली असं ती म्हणाली असती तर दंड होता. मला हवंच होतं, या म्हणण्याला दंड नव्हता.  धरमसिंगानं निकाल सांगितला. धनीबाईनं तांड्यात राहायचं नाही. कोणी तिच्या हातचं पाणी घ्यायचं नाही. घुगरी रामीबाईची, ती रामीबाईला परत. आणि जमनी लखीरामच्या घरची, ती लखीरामच्या घरी राहील.

पहिल्या तिन्ही गोष्टी धनीबाईनं उभ्यानं ऐकल्या. चौथीला ती खाली बसली.

वाशीमला कापसाचं जिन होतं. तिथं बाया लागत. ती तिथं लागली. दिवसभर सरकी निवडायची, नाकातोंडात कापसाचे तंतू जायचे, हिवाळ्यात खोकून खोकून बरगड्या दुखायच्या. स्टेशनामागच्या झोपड्यांत एका कोपऱ्यात ती राहायची. फेटिया टाकून तिनं लुगडं घेतलं होतं, त्यामुळे ती कुठली हे कोणी विचारत नसे. जऊळक्याचा बाजार असला की गाडीनं जायची. रामीबाई नातीला घेऊन बाजाराला यायची. धनीबाई गुळाच्या दुकानाच्या आडून बघायची. एकदोनदा रामीबाईनंही तिला बघितलं आणि मुद्दाम तिथंच रेंगाळली. बोलली मात्र नाही.

अशी दोन-तीन वर्षं गेली. मग एका उन्हाळ्यात रामीबाई जिनाच्या फाटकाशी येऊन उभी राहिली. पायात धूळ, ओठ सुकलेले.

"जमनीले देवी आल्या," ती म्हणाली. "चाल."

"अन् पंचायत?"

"पंचायत माह्या घरात पानी भराले येत नाही. चाल म्हंतो ना."

धनीबाई भर दुपारी तांड्यात शिरली. लोक दारात उभे होते. कोणी अडवलं नाही. धरमसिंग खाटेवर बसला होता, त्यानं तोंड दुसरीकडे केलं. जमनीचं अंग फोडांनी भरून गेलं होतं, डोळे चिकटले होते. धनीबाई कडुनिंबाच्या पाल्यानं तिला वारा घालत बसली. पोरीला दिसत नव्हतं, म्हणून ती कोणाचा हात आहे हे न विचारता धरून ठेवायची. "आजी," म्हणायची. धनीबाई "ओ" द्यायची.

जमनी वाचली नाही.

माती दिल्यावर दोघी बाया खोपीत बसल्या. चूल पेटवायचं कोणालाच सुचलं नाही. रामीबाई म्हणाली, "त्या दिवशी तू खोटं बोलली असती तं पोर तुह्या मांडीवर वाढली असती."

 मनातल्या मनात धनीबाईनं ते खोटं कितीदा तरी बोलून बघितलं होतं.

"खोटं बोलाचं व्हतं मले," ती म्हणाली. "तोंडात आलतं. पन तो दारात बसेल दिसला."

रामीबाईनं मान हलवली. ते पटलं म्हणून की पटलं नाही म्हणून, हे धनीबाईला कळलं नाही. संध्याकाळच्या गाडीला म्हातारी तिच्याबरोबर स्टेशनापर्यंत चालत आली.  गाडी आली तेव्हा रामीबाईनं तिच्या हातात दोन भाकरी ठेवल्या आणि गाडी हलायच्या आतच पाठ फिरवून ती चालायला लागली.

जिनाचा हंगाम संपत आला होता. धनीबाई दुसऱ्या दिवशी कामावर गेली. त्यानंतर ती जऊळक्याच्या बाजाराला कधी गेली नाही.