सोमवारचं ऊन

क्योतोच्या आमच्या स्टुडिओत ताझुको ओत्सुबो येते ती बालकलाकारांची राखणदार म्हणून. वय चौसष्ट, गळ्यात शिट्टी. कामाची वेळ संपली की शिट्टी. मग समोर दिग्दर्शक असो की मोठा नट, पोर घरी. मी नटांना केसांचे टोप बसवणारा माणूस. पस्तीस वर्षांत हजारो डोकी हाताखालून गेली, पण इतकं हट्टी डोकं दुसरं पाहिलं नाही.

तिचा जन्म फिरत्या नाटक मंडळीतला. चौथ्या वर्षीच तिला रंगमंचावर उभं केलं. मंडळी दर महिन्याला गाव बदलायची, म्हणून शाळाही दर महिन्याला नवी. इतक्या शाळा पाहिल्या, पण क्रीडादिन एकही नाही. त्या दिवशी नेमका नाटकाचा दुपारचा खेळ असायचा. हे ती हसत सांगायची. मला मात्र ऐकताना संताप यायचा.

गेल्या ऑक्टोबरात नऊ वर्षांची कोनात्सु आमच्याकडे कुंभाराच्या मुलीचं काम करत होती. रविवारी तिच्या शाळेचा क्रीडादिन, म्हणून सोमवारी शाळेला बदली सुट्टी. लगेच आमच्या लोकांनी सोमवारी शूटिंग ठेवलं. पाऊस आला तर क्रीडादिनच सोमवारी जातो, हे एकाच्याही ध्यानात येऊ नये? घरी सगळ्यांना पोरं आहेत! आणि रविवारी धो धो कोसळला.

सोमवारी लख्ख ऊन. मी कोनात्सुला टोप चढवत होतो, तर किमोनोच्या गळ्यातून काहीतरी लाल डोकावलं. शाळेची टोपी.

"हे काय गं?"

"काही नाही काका. दुपारी दोनला चिठ्ठीची शर्यत आहे. चिठ्ठीत असेल ते शोधायचं, घेऊन पळायचं." तिनं टोपी आत दाबली. "पण आई म्हणाली, आपल्यामुळे लोकांचा खोळंबा नको."

मी ताझुकोला सांगितलं मात्र, ती टोपी घेऊन थेट दिग्दर्शक निवांपुढे उभी राहिली.

"ओत्सुबोबाई, पाच दिवसांनी ऊन मिळालंय मला!"

"शाळेलाही आजच मिळालंय."

"अहो, मुलगी स्वतः तयार आहे."

"मीसुद्धा तयार असायचे. समोर चाळीस मोठी माणसं उभी असली की पोर काय नाही म्हणेल? आणि शाळा बुडणार नाही, या अटीवर हेडमास्तरांनी तिच्या कामाच्या परवानगीवर सही केलीय. वाजवू शिट्टी?"

निवांनी आभाळाकडे पाहिलं, मग टोपीकडे. "वाजवा बाई. आज कुंभार एकटाच रडेल."

शिट्टी अशी वाजली की सेटवरचा बैल दचकला.

सामानाच्या ट्रकमधून आम्ही शाळेत पोचलो. घाईत पोरीच्या गालांवरचा चिखल पुसायचाच राहिला होता. शर्यत सुरू झाली. कोनात्सुनं चिठ्ठी उघडली, इकडेतिकडे पाहिलं आणि सुसाट आमच्याकडे आली.

"ताझुआजी, उठा!"

"अगं, मी इथली नाही..."

"चिठ्ठीत 'आजी' लिहिलंय! माझी होक्काइदोला आहे, तिथून कधी आणू? पळा!"

ताझुको पळाली. चपला मागे राहिल्या, शिट्टी पाठीवर गेली, आणि मी खुळ्यासारखा ओरडत सुटलो. सहा जोड्यांत त्या पाचव्या आल्या. दोघींना सहभागाची एकेक पेन्सिल मिळाली.

पोरांच्या वेळा लिहायला ताझुको हल्ली माझं पेन मागते. तिची ती पेन्सिल कायम खिशात असते, पण तिला अजून टोक काढलेलं नाही.