बाहेरच्या चुलीवरचं मीठ

विमलबाईंना शेवटची अंघोळ घालताना शेजारच्या आजींनी विचारलं, “हिना गळामा माळ कशी नई?” आम्ही तीन पिढ्यांचे माळकरी. सारंगखेड्यात सगळ्यांना ते ठाऊक. मी माझी तुळशीची माळ काढली आणि बाईंच्या गळ्यात घातली... बाई माझ्या थोरल्या जाऊ. त्यांची माळ कुठे आहे, हे मला माहीत होतं.

तीन वर्षांपूर्वी त्यांचा मुलगा नितीन ब्राझीलमधली नोकरी सोडून शेती पाहायला परतला. सोबत तिथलीच बायको, लुसिया. तिला चौथा महिना होता आणि पोटात पाणीसुद्धा ठरत नव्हतं. पोरगी पार सुकली. शहाद्याच्या डॉक्टरीणबाई म्हणाल्या, काहीही करा, पण हिला खाऊ घाला. बाईंची झोप उडाली. त्यांच्या दोन लेकी पोटातच गेल्या होत्या, त्यामुळे त्यांची भीती उगाच नव्हती. लुसिया एकाच पदार्थाचं नाव घ्यायची, कोशिन्या. म्हणजे कोंबडीचं सारण भरलेला, मोदकासारखा टोकदार तळलेला गोळा.

आमच्या घरात असलं काही उंबऱ्याच्या आत येत नाही. पुरुष चोरून जे शिजवतात ते गोठ्यामागच्या चुलीवर. नितीननं सारण तिथे केलं, बाईंनी मैद्याची उकड आत, साध्या पाण्यात काढली. लुसियानं एक घास घेतला, गोळा ताटात ठेवला आणि रडायला लागली. ती उकड कोंबडी शिजवलेल्या पाण्यातच काढायची असते, हे नितीननं तेव्हा सांगितलं. आईला सांगायची त्याची हिंमत झाली नव्हती.

दुसऱ्या दिवशी नितीन औषधं आणायला गेला आणि बाई मैद्याचा डबा घेऊन गोठ्यामागे निघाल्या. मी घाबरून मागे. पापडाचा घाटा घोटावा तशी त्यांनी उकड घोटली. हात सराईत होते. मग थांबल्या. मीठ बघणार कोण? लुसियाला तर त्या वासानंच उमासे येत होते. “बाई, राहू द्या, अंदाजानं होईल,” मी म्हटलं.

“आज बी तिनी टाकी दिधं तर?” बाई म्हणाल्या. त्यांनी माळ काढून गोठ्याच्या खुंटीला अडकवली, चमच्यावर उकड घेतली आणि डोळे मिटून चाखली. “मीठ कमी शे.” मग माझ्याकडे बघून, “कोनले सांगजो नको.”

लुसियानं दोन गोळे खाल्ले. आम्ही दोघी दाराआड तासभर कानोसा घेत उभ्या होतो. ते पोटात राहिले.

बाईंनी माळ पुन्हा घातली नाही. आता आपला हक्क नाही म्हणायच्या. कुणी विचारलं तर, दोरा तुटला. लुसियाला मात्र सवयच लागली, बाईंनी मीठ बघितल्याशिवाय तळण टाकायची नाही. दर वेळी माझा जीव टांगणीला, कुणी पाहील म्हणून... बाईंना नसेल तेवढी धाकधूक मला.

सुतक फिटल्यावर परवा नातीनं हट्ट धरला म्हणून लुसियानं बाहेरची चूल पेटवली. खुंटीवर माळ तशीच होती, धुरानं काळवंडलेली. उकड घोटता घोटता, न बघताच तिनं चमचा बाजूला धरला. “आई, मीठ देख.” बोलून गेली आणि मग तिच्या लक्षात आलं. चमचा तसाच हवेत राहिला.

माझा हात गळ्याकडे गेला. गळा मोकळाच होता.

मी तिच्या हातातला चमचा घेतला. “कमी शे,” मी म्हटलं.