मत की भीती?

"हे तुझं मत आहे, की तुझी भीती?" चष्मा कपाळावर सरकवून ताई हा प्रश्न कोणालाही विचारायच्या. मुलांना, मला, "आज पापलेट नको, ताजं नसेल" म्हणणाऱ्या स्वतःच्या नवऱ्यालासुद्धा.

मोहम्मद बिन झायद सिटीतल्या आमच्या व्हिलात खाली आम्ही, वर त्या. अठराव्या शतकात इंग्लंडमधल्या काही बायकांनी मुलींच्या शिक्षणावर पुस्तकं लिहिली होती. मुलींना नुसतं गोड वागायला नको, विचार करायला शिकवा, रोज स्वतःला तपासायला शिकवा, असं त्यांचं म्हणणं. त्यांच्यावर ताईंनी पुण्यात पीएचडी सुरू केली, मग लग्न होऊन इथे आखातात आल्या आणि ती राहूनच गेली. पन्नाशीत पुन्हा हातात घेतली. त्या बायकांबद्दल अशा बोलायच्या, जणू त्या पलीकडच्या व्हिलात राहतात.

शनिवारी आमची मुलं त्यांच्याकडे वाचायला जात. जो कारण देऊन वाद घालेल, त्यालाच बेसनाचा लाडू. माझ्या लेकीने लाडू भरपूर खाल्ले आणि त्याचे परिणाम मी भोगले. "मम्मा, गिव्ह मी अ रीझन." मी आई आहे, हे एकच कारण माझ्यापाशी होतं. ते चालेनासं झालं.

पण गंमत बघा, ताईंसारखी घाबरट बाई मी दुसरी पाहिली नाही. बाहेर निघाल्या की गॅस बघायला परत जिना चढायच्या. लायसन्स असून हायवेचं नाव काढलं की हात थंड. व्हायवा जवळ आला तशी झोपच उडाली. "विद्यापीठाने आधीच मुदत वाढवून दिलीय गं. आता हुकलं तर संपलंच."

व्हायवा ऑनलाइन होता, अकरा वाजता. आईला फोन करायला सोपं म्हणून हॉलमधलं घड्याळ त्यांनी कायम भारताच्या वेळेवर ठेवलेलं. इथे आपण सगळेच विचारतो, "आपले अकरा की तिकडचे?" नेमकं त्या वेळी ताईंनी विचारलं नाही. धास्तीपोटी मोबाइलवर अलार्म लावला, आणि मोबाइल चालतो इथल्या वेळेवर, भारताच्या दीड तास मागे.

साडेनऊच्या सुमारास मी लेकीला घेऊन वर गेले, तर ताई गाऊनमध्ये, केसांना तेल. तेवढ्यात पुण्याहून गाइड सरांचा फोन. "मॅडम, सगळे जमलेत. तुम्ही कुठे आहात?" हॉलमधल्या घड्याळात अकरा वाजून गेले होते.

ताईंनी फोन हाताने झाकला. "खलास. सांगते, बरं नाही म्हणून. आणि खरं सांगू? मी कसली स्कॉलर! झालं ते बरंच झालं."

मी काही बोलणार, तोच लेक म्हणाली, "आंटी, इज दॅट युअर ओपिनियन, ऑर युअर फिअर?"

बारा वर्षांच्या पोरीने मोठ्यांना असं विचारावं? ताईंनी गाऊनवर शाल गुंडाळली, तेलकट केसांचा अंबाडा बांधला आणि लॅपटॉप उघडला.

आम्ही दोघी स्वयंपाकघरातून ऐकत होतो. एका परीक्षकांनी विचारलं, या जुन्या उपदेशाचा आज काय उपयोग? मी देवाचं नाव घेतलं. मग ताई म्हणाल्या, "सर, माझ्या एका विद्यार्थिनीने तो आत्ता माझ्यावरच वापरला. नाहीतर मी तुम्हाला दिसलेच नसते."

पदवी मिळाली. गेल्या वर्षी भावोजींची नोकरी संपली आणि दोघं पुण्याला गेले. जाताना घड्याळ आम्हाला दिलं. मी ते इथल्या वेळेवर लावणार होते, लेकीने लावू दिलं नाही.

ती आता बारावीत आहे. एकटीने दूर जाऊन शिकायचं म्हणते. परवा मी म्हणाले, "कशाला? इथेच चांगली कॉलेजं आहेत की." तिने आपला चष्मा कपाळावर सरकवला.

वर आता दुसरे लोक राहतात. तरी मी जिन्याकडे बघितलं आणि म्हणाले, "भीती आहे गं. माझी."