साडेसहाची रुसांका

आमच्या डोंगरातल्या रेडिओ केंद्राची गाडी मी एकतीस वर्षं चालवली. त्यातली बहुतेक वर्षं शेजारच्या सीटवर रुसांका चाउशेवा असायची. मांडीवर टेपरेकॉर्डर, तोंडात सूर्यफुलाच्या बिया.

ती आली तेव्हा चोवीस वर्षांची होती. शहरातल्या बातम्या जुन्या मंडळींनी आधीच वाटून घेतल्या होत्या. "बटाटे आणि बकऱ्या तेवढ्या उरल्यात, तुला चालतील?" असं संपादकांनी विचारलं आणि ती "चालतील" म्हणाली. सकाळी साडेसहाला पंधरा मिनिटं तिची. दूधगाडी कुठे किती वाजता, कोणता घाट बर्फाने बंद, कोणाच्या घरी लग्न, कोण वारलं.

तिसऱ्याच आठवड्यात तिने घोळ घातला. ब्रेस्तोवो गावाहून फोन आला की मांचो गेला. लाइन खरखरत होती. ब्रेस्तोवोचा मांचो म्हणजे गायदा वाजवणारा, कातडी पिशवीची ती बासरी त्याच्यासारखी कोणी फुंकत नाही, हे तिला माहीत होतं. तिने बातमी दिली, वर त्याच्या वाजवण्याबद्दल चार चांगली वाक्यं बोलली. सात वाजता फोन वाजला, तो रुसांकाने उचलला. मी तिथेच कॉफी पीत होतो.

"मी मांचो बोलतोय, ब्रेस्तोवोचा," पलीकडचा माणूस म्हणाला. "आत्ताच ऐकलं, मी मेलो म्हणून. बायको विचारतेय, दुपारचा माझा स्वयंपाक करायचा की नाही?"

गावात मांचो दोन होते. गेला होता तो सुतार.

रुसांकाचा चेहरा पांढराफटक पडला. फोन ठेवून ती मला म्हणाली, "स्तामेन, गाडी काढ." ब्रेस्तोवो दोन तासांच्या वाटेवर. आधी ती सुताराच्या घरी गेली, त्याच्या बायकोची माफी मागितली आणि तिच्याजवळ बसून तो कसा होता ते विचारून घेतलं. मग दुसऱ्या मांचोच्या दारात उभी राहिली.

"आजोबा, माझं चुकलं."

"चुकलंच," मांचो म्हणाला. "पण बोललीस छान. जिवंतपणी माझ्याबद्दल कोणी इतकं बोललं नव्हतं. आता बस, ऐक आणि ठरव त्यातलं किती खरं होतं ते."

जेवण होईपर्यंत तो वाजवत राहिला, ती रेकॉर्ड करत राहिली. त्याच्या बायकोने घेवड्याची आमटी तीनदा वाढली. दुसऱ्या सकाळी रुसांकाने आपली चूक स्वतःच्या तोंडाने सांगितली, सुताराबद्दल बोलली आणि मांचोची गायदा लावली. त्यानंतर स्वतः जाऊन आल्याशिवाय तिने एकही बातमी दिली नाही. माझ्या गाडीचे टायर त्यामुळे किती झिजले ते मला विचारा.

चाळिशीत तिला राजधानीत, सोफियाला बोलावणं आलं. मोठा स्टुडिओ, मोठं पद. ती गेली आणि सहा आठवड्यांत परत आली. बसस्टँडवर तिची बॅग उचलताना मी विचारलं, "काय झालं?"

"काही नाही रे. तिथे मी बोलते आणि पुढे शांतता. इथे एका गावाचं नाव चुकीचं उच्चारलं तरी सात वाजायच्या आत शिव्या येतात."

पुढे वेसेलिन नावाचे तरुण संचालक आले. त्यांनी इंटरनेटवर पाहणी केली आणि सांगितलं, हा कार्यक्रम कोणी ऐकत नाही, पुढच्या महिन्यापासून बंद. रुसांकाने वाद घातला नाही. दुसऱ्या सकाळी दूधगाडीच्या वेळा सांगून झाल्यावर ती म्हणाली, "महिनाअखेर आपला निरोप. श्रोते मोजले, ते सापडले नाहीत."

सोमवारी केंद्रासमोर तीन बस थांबल्या, मागे ट्रॅक्टर. म्हाताऱ्या बाया, मेंढपाळ, दोन गावांचे सरपंच, सणाच्या कपड्यांत, हातात कापडाने झाकलेल्या परातींतून गरम पातातनिक, बटाट्याचं ते जाड थालीपीठ. सगळ्यांच्या पुढे स्तोयना मावशी, ब्रेस्तोवोची निवृत्त टपालवाली. ती सरळ संचालकांच्या खोलीत शिरली.

"आम्ही सापडत नव्हतो म्हणे," ती म्हणाली. "आलो. मोजा."

"मावशी, पाहणी इंटरनेटवर होती..."

"माझ्याकडे ते नाही. माझ्याकडे कोंबड्या आहेत आणि रेडिओ आहे. दोन्ही साडेसहाला सुरू होतात. मोजताय ना?"

रांग जिन्यावरून खाली चौकापर्यंत गेली होती. वेसेलिन खरंच मोजायला बसले. बिचाऱ्यांचा एकशे साठाव्या माणसाशी आकडा चुकला, कारण तोपर्यंत मावशीने त्यांच्यापुढे पातातनिकचा दुसरा तुकडा ठेवला होता. "पुन्हा पहिल्यापासून," मागून कोणीतरी म्हणालं आणि अख्खा जिना हसला.

रुसांका खाली रांगेतच होती, माइक घेऊन एकेकाशी बोलत. डोळे ओले, पण प्रश्न नेहमीसारखेच नेमके: यंदा बटाटा कसा आहे, पूल झाला का.

दुपारी वेसेलिन चौकात आले. मिशांना लोणी लागलेलं. "रुसांकाबाई, पंधरा मिनिटं पुरत नसतील ना?" ते म्हणाले. "अर्धा तास घ्या."

रुसांका माझ्याकडे वळली. "स्तामेन, अर्धा तास भरायचा म्हणजे आणखी गावं लागतील. डिझेल आहे का?"

होतं. पुढची अकरा वर्षं तो अर्धा तास आम्ही भरला.