मामांची हरकत

मामा गेल्याची बातमी मला जालन्याच्या दिवाणी कोर्टात, वकिलांच्या खोलीत कळली. पानाचं तबक फिरत होतं आणि जो तो मामांच्या हुशारीचे किस्से सांगू लागला. एकजण म्हणाले, "दुसऱ्याच्या कागदातली चूक त्यांना वासावर कळायची." सगळ्यांनी माना डोलावल्या. मी मात्र पान न घेताच तबक पुढे सरकवलं. मेलेल्याबद्दल चांगलंच बोलावं म्हणतात. थोडे दिवस थांबून पाहिलं, पण त्या हुशारीची किळस काही ओसरत नाही...

घरात मामा फार मायाळू होते. आई गेल्यावर मी त्यांच्याकडेच वाढलो. मला ताप आला की कोर्ट बुडवून उशाशी बसायचे, स्वतःच्या हाताने पेज भरवायचे. वकिलीही त्यांनीच शिकवली. आपला दावा दाखल करण्याआधी मोठ्याने वाचायला लावायचे, कुठे अडखळलो की पुन्हा पहिल्यापासून. त्या माणसावर माझा जीव होता, आणि म्हणूनच गंगाबाईचं प्रकरण माझ्या मनातून जात नाही.

गंगाबाई केदारखेड्याची विधवा. तिच्या वाट्याचं शेत भायाने, म्हणजे थोरल्या दिराने दाबलं होतं. तिने दावा लावला. आमच्याकडे शेताच्या चतुःसीमा सांगताना माणूस उगवतीकडे तोंड करून बसतो आणि हाताने दिशा दाखवतो. गंगाबाईसोबत तिचे चुलतसासरे आले होते, ते उगवतीच्या बाजूला बसले. त्यांच्यासमोर तोंड कसं करायचं म्हणून ती पाठ फिरवून, मावळतीकडे पाहत बसली. हाताने दाखवत गेली आणि तिच्या वकिलाचा मुनशी, ती उगवतीकडेच तोंड करून आहे असं धरून, कोर्टाच्या रीतीप्रमाणे उर्दूत लिहीत गेला. चारी दिशा उलट्या पडल्या. दावा जिंकली, हुकूमनामा झाला, कोर्टाचा अमीन ताबा द्यायला शेतावर गेला. कागदात ओढा पूर्वेला, शेतात तो पश्चिमेला. "असं शेत इथं न्हाईच," म्हणून अमीन परत आला.

तिच्या वकिलाने दुरुस्तीचा अर्ज दिला. एका बैठकीत मिटणारं काम. पण भायाचे वकील मामा होते. त्यांनी लेखी हरकत घेतली, की ही लेखणीची चूक नव्हे, बाई आता दुसरंच शेत मागते आहे. पुढे तारखांवर तारखा. गंगाबाई मात्र स्वतःच्याच शेतात भायाच्या रोजावर कापूस वेचत राहिली.

मी एकदा विचारलं, "मामा, शेत तिचंच आहे हे तुम्हाला ठाऊक आहे ना?"

"बिलकुल ठाऊक आहे," मामा शांतपणे म्हणाले. "मला ठाऊक असून काय उपेग? कागदाला ठाऊक पाहिजे."

आणि पेरू कापून अर्धा माझ्यापुढे केला. तो मला खाववला नाही.

मामांच्या दिवसपाण्याला घर माणसांनी भरलं. भाया ओसरीवर डोळे पुसत होता, पुसून झाल्यावर म्हणाला, "आता माझ्याकडनं कोर्टात तुमीच उभं ऱ्हावा." मी नाही म्हणालो. थोड्या वेळाने बाहेर आलो तर दाराशी गंगाबाई.

"वकीलसाब गेले म्हणं," ती हळूच म्हणाली. "मंग आता माझं दुरुस्त व्हईल का?"

तिच्या आवाजात आनंद नव्हता, राग नव्हता. भर सुतकात, मामांच्याच उंबऱ्यात उभं राहून मी म्हणालो, "होईल."

गेल्या आठवड्यात तारीख होती. भायाचा नवा वकील उठला. त्याने स्वतःचं काहीच आणलं नव्हतं. मामांची हरकत त्याने शब्दन् शब्द वाचून दाखवली, मधूनमधून आदराने त्यांचं नाव घेत. न्यायासनावरच्या मुन्सिफांनी डोळे मिटून ऐकलं. "क्या दिमाग़ था," म्हणाले, आणि पुढची तारीख दिली. कोर्टात बसलेल्या वकिलांचे चेहरे श्रद्धेने भरून आले होते. मी उठून बाहेर आलो.

गंगाबाई भिंतीला टेकून बसली होती. उर्दू तिला कळत नाही, पण मामांचं नाव तिने आतून ऐकलं होतं. मला पाहून उठली आणि गोंधळून म्हणाली,

"वकीलसाब तर वारले नं? मंग आत अजून तेच कसे बोलून राह्यले?"