दौलतमोची पलीकडची जनावरं

माझी आत्या दौलतमो आयुष्यात एकदाच तीन साम्राज्यांशी बोलली, आणि तेही खोटं.

पामीरच्या डोंगरातल्या आमच्या वखानमध्ये वसुलीला येणाऱ्यांची आम्हाला कधी वानवा पडली नाही. आमच्या मीरची, म्हणजे इथल्या छोट्या राजाची, माणसं यायची, मग काबूलच्या अमीरची, मग बुखाऱ्याची, आणि या सगळ्यांच्या मागून उंच घोड्यांवर रशियन आले. प्रत्येक जण आम्हाला आधीच्या चोरापासून सोडवायला आला होता. त्यामुळे आमच्याकडे मूल बोलायला लागलं की लवकरच त्याला एक उत्तर शिकवत: हत्यारवाल्या माणसाने जनावरांबद्दल विचारलं, तर ती पंज नदीच्या पलीकडच्या काठावरच्यांची. पलीकडचे तेच आमच्या नावावर खपवत. यात कुणाला खोटेपणा वाटत नसे. घरात शिरताना जोडे काढण्यासारखी ती रीत होती.

त्या वर्षी उन्हाळा संपता संपता सीमा आखणारे साहेब आले. एक रशियन कप्तान, एक इंग्रज आणि अमीरचा एक कारभारी. रशियन आणि इंग्रज या दोघा बलाढ्यांना एकच काळजी होती: आपल्या हद्दी एकमेकींना चिकटल्या तर भांडण होईल. म्हणून मध्ये थोडी मोकळी जागा सोडायचं ठरलं होतं. मोकळी, म्हणजे जिथे आम्ही राहत होतो ती. नदीच्या अलीकडचं रशियाचं, पलीकडचं अमीरचं. नदीला दोन काठ असतात आणि माणसं दोन्हीवर राहतात, एवढी गोष्ट त्यांच्या नकाशाला माहीत नव्हती.

मला फारसी आणि थोडं रशियन येत होतं म्हणून दुभाष्या केलं. कप्तान दौलतमोच्या दाराशी आला तेव्हा ती जवाचं पीठ मळत होती. विधवा बाई, एकच मुलगी, ओयमो. वय सतरा. उन्हाळाभर कुरणावर जायचं काम आमच्याकडे बायकांचं. ओयमो तेव्हा पलीकडच्या डोंगरात सहा याक आणि चाळीसेक शेळ्यामेंढ्या घेऊन होती. सगळी दौलतमोची.

"पलीकडच्या कुरणावर कोणाची जनावरं आहेत, विचार तिला," कप्तान म्हणाला.

मी विचारलं. आत्याने हात झटकले. "पलीकडच्यांची. आमच्याकडे काय आहे? एक म्हातारी शेळी, आणि हा माझा भाचा. दोघंही दूध देत नाहीत."

मी पहिलं वाक्य तेवढं सांगितलं. कारकुनाने लिहून घेतलं, तिचा अंगठा उठवला. अंगठ्याला लागलेलं पीठ कागदावर राहिलं. मला ते उत्तर खोटं आहे हे माहीत होतं. पण दुसरं उत्तर असू शकतं हेच कुणाच्या डोक्यात आलं नाही. माझ्यासुद्धा.

पंधरा दिवसांनी ओयमो जनावरं घेऊन खाली उतरली, तर पलीकडच्या काठावर अमीरचे शिपाई उभे. पोरीला जाऊ द्यायला त्यांची हरकत नव्हती. जनावरं मात्र त्या काठाची. तसं कागदावर होतं.

दौलतमो मला दंडाला धरून कप्तानाच्या तंबूत घेऊन गेली.

"त्याला सांग, मी खोटं बोलले."

मी सांगितलं. कप्तान वाईट माणूस नव्हता. तसा असता तर शिव्या द्यायला सोपं गेलं असतं. त्याने तिला चहा दिला. मग तो म्हणाला, "बाई, हे आता तीन भाषांत सही होऊन गेलंय."

"कुठल्या तीन?"

"रशियन, इंग्रजी, फारसी."

"आणि आमची?"

कप्तानाने माझ्याकडे पाहिलं. मी भाषांतर केलं नाही. उत्तर मलाच माहीत होतं.

"इतके दिवस मोजलंत," ती म्हणाली. "दगड मोजलेत, बर्फ मोजलंत. माणूस खोटं का बोलतो एवढं एकाला विचारता आलं नाही? सांग त्याला, दुभाष्या. की तुझ्या जिभेलाही त्यांनी चौकी बसवलीय?"

मी सांगितलं, थोडं मऊ करून. आत्याला रशियन येत नव्हतं, पण मऊ केलेलं कळत होतं. तिने चहा तंबूच्या गालिच्यावर ओतला.

मग ती नदीवर गेली. ओयमो पलीकडे उभी, हातात नदी तरून जायची फुगवलेली कातडी, एका उडीत पाण्यात शिरेल अशी.

"आई, येऊ का?"

एकटी आली असती तर हिवाळ्यात दोघींना ना दूध, ना लोकर. त्या हिवाळ्यात आमच्या गावात अकरा माणसं गेली. तिकडे राहिली तर जनावरं तिच्या हाताखाली, आणि बापाच्या चुलतभावाचं घर.

"येऊ नकोस!" दौलतमो ओरडली. "जनावरं सोडू नकोस. अगं रडतेस काय, मेंढ्या बघ!"

शिपाई हसले. तिने त्यांना ज्या शिव्या घातल्या त्या मी पुढची वीस वर्षं कुठल्याही पुस्तकात शोधल्या, सापडल्या नाहीत.

तिसऱ्या वर्षी वसंतात ओयमोचं लग्न पलीकडेच लागलं. नवरा शिपायांच्या ओळखीतला, जनावरांवर डोळा ठेवून आलेला असं लोक म्हणत. पार जायला परवाना मागितला तर दोन्ही बाजूंनी म्हणाले, दुसऱ्या बाजूकडून आणा. दौलतमोने अलीकडच्या वाळूत बसून वऱ्हाड पाहिलं. लेकीची लाल ओढणी तिला ओळखू आली, चेहरा नाही.

उन्हाळ्यात पंज एवढी गर्जते की शेजारच्याचं ऐकू येत नाही. तरी ती रोज काठावर जाऊन एकच प्रश्न ओरडायची. ओयमो पलीकडून हात हलवायची. हो की नाही, कळायचं नाही. मी म्हणायचो, "आत्या, पाणी उतरू दे."

"तुला काय घाई," ती म्हणायची, "तू तर कुठलंही उत्तर लिहून घेशील."

पाणी उतरलं पानं गळून गेल्यावर. त्या दिवशी वारा नव्हता. दौलतमो काठाशी गुडघाभर पाण्यात उभी राहिली.

"तुला मारतो का तो?"

पलीकडून स्पष्ट ऐकू आलं:

"नाही, आई."

"तो शेजारी उभा आहे का?"

"हो."

दौलतमोने वाकून पाण्यातून एक दगड उचलला आणि सगळ्या ताकदीनिशी फेकला. तो नदीच्या निम्म्यावर पडला, हद्दीच्या जवळपास. मग तिने दुसरा उचलला.