परदेशी नातेवाईकांचा रकाना

सरहद्दीपलीकडच्या प्रेमाचा तो जुना हिंदी सिनेमा टीव्हीवर लागला, की कामशेतच्या आमच्या घरात कुणी रिमोटला हात लावायचा नाही, असा अम्मीचा दंडक. नायक इकडचा, नायिका तिकडची, मध्ये डोंगर आणि बंदुका. मला तो फारसा आवडत नाही. त्यात सगळे सारखे रडतात आणि रडतानाही छान दिसतात. अम्मी मात्र कधी रडली नाही. एकदा एवढंच म्हणाली, "ह्यांना कुटं फारम भरावं लागत न्हाई, बरं हाय."

टोमणा मला होता. तिची धाकटी बहीण, माझी खाला, नात्यातच लग्न होऊन कराचीला गेली. वर्षाकाठी तिची दोन-तीन पत्रं यायची, तीही मराठीत, कारण शाळा इथलीच. पुढे मला देहूरोडला लष्कराच्या डेपोत कारकुनाची नोकरी लागली. तिथल्या फॉर्मात परदेशी नातेवाईकांचा रकाना होता. खरं लिहिलं असतं तर कदाचित काही बिघडलंही नसतं. पण आमच्या घराला नसत्या चौकशीची धास्ती फार. अब्बांनी सांगितलं आणि मी सुवाच्य अक्षरात 'नाहीत' असं लिहून मोकळी झाले.

अम्मीने खालाला एक शेवटचं पत्र टाकलं आणि लिहिणं बंद केलं. तिकडूनही काही आलं नाही. मी डेपोत जात राहिले, दुसऱ्यांचे फॉर्म तपासत राहिले, कुणी रकाना कोरा ठेवला तर परत पाठवत राहिले. त्या पत्रात काय लिहिलं होतं, हे विचारायचं धाडस मला कधी झालं नाही. खाला रुसली असणार, असं मी धरून चालले होते. तिच्या जागी मी असते तर जन्मभर बोलले नसते.

यंदा मी निवृत्त झाले. आठवडाभर खटपट करून खालाच्या मुलाचा नंबर मिळवला आणि एका दुपारी, जेवणं उरकल्यावर, व्हिडिओ कॉल लावला. अम्मीने तीनदा पदर सारखा केला. "ती बोलंल का गं माझ्याशी?" तिने हळूच विचारलं.

पडद्यावर चष्मा लावलेली एक वाळकी म्हातारी आली. दोघी एकमेकींकडे नुसत्या बघत राहिल्या. नेटवर्क गेलं की काय म्हणून मी फोन हलवूनही पाहिला. मग इतकी वर्षं कराचीत काढलेल्या त्या बाईने आमच्या मावळी बोलीत विचारलं, "आपा, लेकीची नोकरी झाली का गं पुरी?"

"व्हय," अम्मी म्हणाली.

चौतीस वर्षं खाला माझ्या निवृत्तीची वाट बघत बसली होती. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.